काळाचं गाणं वाजवण्याआधी बँकेत जा

निन्टेन्डो ६४ वरचा 'मजोराज मास्क' (२०००) हा व्हिडिओ गेम नव्यानेच हातात घेतला आहेस, म्हणून सांगतो: उलटं गाणं आधी शीक. पहिल्या दिवसाच्या पहाटेला परत नेणारं काळाचं गाणं म्हणजे उजवं सी बटण, ए, खालचं सी, हेच दोनदा. तेच उलट वाजव, खालचं, ए, उजवं, पुन्हा दोनदा, की काळ संथ होतो. नाहीतर चंद्र कोसळायचे तीन दिवस तासाभराच्या आत संपतात. पहिल्या पहाटेला परतलास की संथपणा जातो, तेव्हा उलटं गाणं लगेच परत वाजव.

मूळ गाणं वाजवताना मात्र घाई नको. खिशातले रुपये (खेळातलं चलन), बाण, बॉम्ब सगळं जातं. मुखवटे राहतात, खेळातल्या क्लॉक टाउन या गावाच्या बँकेत ठेवलेले रुपयेही राहतात. देवळात विखुरलेल्या, गोळा करायच्या पऱ्या मात्र राहत नाहीत. पंधरापैकी चौदा गोळा झाल्या होत्या माझ्या, शेवटची काही सापडेना. तिसरी रात्र, घंटा घणघणतेय, जमीन हादरतेय. नाइलाजाने ओकारिना (गाणी वाजवायचं फुंकवाद्य) काढली, काळाचं गाणं वाजवलं आणि चौदाही गेल्या. फार हळहळलो. म्हणून नवं देऊळ नेहमी पहिल्या दिवशी सकाळीच सुरू कर.