कृषी सल्ला : पंपाची थकबाकी, दोन वर्षांचा नियम आणि वीज तोडायची नोटीस

शेतकरी बंधू-भगिनींनो, गहू-कांद्याच्या हंगामात आमच्याकडे कीड-रोगाइतकेच प्रश्न वीजबिलाचे येतात. या वेळी आलेल्यांपैकी तीन प्रश्न घेतो. पहिल्याला जास्त जागा देतो, कारण त्यातला गैरसमज गावोगाव पसरलेला आहे.

प्रश्न : माझा १० एचपीचा पंप आहे. रीडिंगला कित्येक महिने कोणी आलं नाही, सरासरी बिल येत राहिलं. आता मागचा फरक धरून एकदम मोठी रक्कम लावली आहे आणि लाइनमन केबल काढतो म्हणतोय. दोन वर्षांपूर्वीची थकबाकी वसूल करता येत नाही, असं सगळे सांगतात. खरं आहे का?

उत्तर : अर्धेच खरे आहे. वीज कायदा २००३ च्या कलम ५६(२) मध्ये दोन वर्षांची मुदत आहे, पण थकबाकी प्रत्येक बिलात सलग दाखवत आणली असेल तर तिचा फायदा मिळत नाही. घरातली जुनी बिले काढून पाहा. ‘मागील थकबाकी’च्या रकान्यात आकडा दर वेळी छापलेला असेल, तर या कलमावर विसंबून बसू नका.

फरकाच्या रकमेचे वेगळे आहे. ती आधी कधी मागितलीच नव्हती. मग दोन वर्षे कुठून मोजायची? अजमेरच्या वीज कंपनीविरुद्ध रहमतुल्ला खान या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२० मध्ये सांगितले, की रक्कम देय होते ती बिल दिल्यावर. चुकून कमी लागलेली रक्कम कंपनी नंतर मागू शकते. मात्र मूळ काळापासून दोन वर्षे उलटून गेल्यावर अशा फरकापोटी वीज तोडता येणार नाही, हेही त्याच निकालात आहे.

तुमच्या बाबतीत आणखी एक गोष्ट तपासा. मीटर बंद किंवा सदोष असेल, तर राज्य वीज नियामक आयोगाच्या २०२१ च्या विनियमांनुसार बिलाची दुरुस्ती जास्तीत जास्त तीन महिन्यांपुरती करता येते. त्यामुळे उपविभागीय कार्यालयात अर्ज देऊन खात्याचा सीपीएल, म्हणजे महिनावार बिलांचा खातेउतारा, मागा. कोणत्या महिन्यात रीडिंग घेतले, कुठे सरासरी लावली, व्याज कधी चढले, हे सगळे त्यात ओळीने दिसते. वाद जिंकायचा तर याच कागदावर जिंकायचा.

आता लाइनमनचे. थकबाकीसाठी वीज तोडण्याआधी पूर्ण १५ दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते. तोंडी धमकी म्हणजे नोटीस नव्हे. नोटीस ज्याची थकबाकी त्याला असते. शेजाऱ्याने बिल भरले नाही म्हणून तुमच्या पंपासकट अख्खी डीपी (रोहित्र) बंद केली, तर त्याचीही लेखी तक्रार करा.

नोटीस आली आणि रक्कम मान्य नाही, तर कलम ५६(१) मधली सवलत वापरा. मागितलेली रक्कम किंवा मागच्या सहा महिन्यांच्या बिलांची सरासरी, यांतली जी कमी असेल ती ‘हरकत नोंदवून’ भरा. तसे अर्जात लिहा आणि पोच घ्या. वादाचा निकाल लागेपर्यंत मग वीज तोडता येत नाही. ही तरतूद शेतकऱ्याच्या फार कामाची आहे आणि तीच सर्वांत कमी वापरली जाते, याचे मला मनापासून वाईट वाटते.

तक्रार वीज कंपनीच्या ग्राहक तक्रार निवारण मंचाकडे करा, तीही तक्रारीचे कारण घडल्यापासून दोन वर्षांच्या आत. निकाल पटला नाही तर ६० दिवसांत विद्युत लोकपालाकडे जाता येते. त्यांची कार्यालये मुंबई आणि नागपूरला आहेत. वीजचोरी किंवा अनधिकृत वापराचे (कलम १२६) प्रकरण मात्र या मंचापुढे चालत नाही. कलम १२६ च्या अंतिम आकारणीविरुद्ध ३० दिवसांत, निम्मी रक्कम भरून, स्वतंत्र अपील करावे लागते.

तोवर गव्हाचे काय? वेळेवर पेरलेल्या गव्हाला दोनच पाणी देता येणार असेल, तर पहिले पेरणीपासून २० ते २२ दिवसांनी आणि दुसरे ६० ते ६५ दिवसांनी द्या. एकच मिळणार असेल तर ४० ते ४२ व्या दिवशी. शेजाऱ्याकडून पाणी घ्यायचे तर याच दिवसांसाठी आधी बोलून ठेवा.

प्रश्न : कनेक्शन वारलेल्या वडिलांच्या नावावर आहे. त्यांची थकबाकी मला भरावी लागेल का? आणि मोफत विजेत ती माफ झाली ना?

उत्तर : वारसाला ती लागू होते. जमीन विकत घेणाऱ्यावर मात्र जुन्या मालकाची जास्तीत जास्त सहा महिन्यांची थकबाकी येते, त्यापेक्षा जास्त नाही. बळीराजा मोफत वीज योजना ७.५ एचपीपर्यंतच्या पंपांच्या एप्रिल २०२४ पासूनच्या बिलांसाठी आहे. त्याआधीची बाकी तिने पुसली जात नाही.

प्रश्न : लोकअदालतीची नोटीस आली आहे. गेलो नाही तर जप्ती येईल का?

उत्तर : लोकअदालतीत तडजोड दोघांच्या संमतीनेच होते. नाही म्हणालात तर त्या दिवशी तुमच्यावर हुकूम होत नाही. कंपनीला दिवाणी दाव्याचा मार्ग मोकळा राहतो, तुम्हाला बचावाचा. पण एकदा सही केलीत की निवाडा अंतिम, त्यावर अपील नाही. म्हणून जा, सीपीएल सोबत न्या, व्याज किती सोडतात ते विचारा, आणि हिशेब पटला तरच सही करा. वकील परवडत नसेल तर तालुका न्यायालयातल्या विधी सेवा समितीकडे अर्ज द्या. महिला खातेदारांना आणि अनुसूचित जाती-जमातीच्या शेतकऱ्यांना तिथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.