तमालेंसाठी टॉर्टियाचा प्रेस चालतो का?

प्रश्न: माई, थोरला तारवार असतो. त्याची क्रूझ मेक्सिकोत कोझुमेलला लागते. तिथून त्याने टॉर्टिया, म्हणजे मक्याच्या पातळ पोळ्या, दाबायचा बिडाचा प्रेस, मक्याचं पीठ आणि तमालेंसाठी (मक्याच्या पिठात सारण भरून, सालीत किंवा पानात गुंडाळून वाफवतात ते) मक्याच्या सुक्या सालींची गड्डी आणली. टॉर्टिया झकास होतात. तमाले करायला गेले तर पीठ चारी बाजूंनी बाहेर येतं, सालीवर पापुद्रा तेवढा उरतो आणि वरचं प्लास्टिक सुटत नाही. तमालेंना प्रेस चालतो, की नाद सोडू? – एक वाचक, कुडचडे

उत्तर: चालतो. फक्त दांडा पूर्ण खाली न्यायचा नाही, तुमचं सगळं दुखणं तिथेच आहे. टॉर्टियाच्या पिठात चुन्याच्या पाण्यात शिजवून दळलेला मका आणि पाणी, एवढंच. ते घट्ट असतं, जोर सोसतं. तमालेंच्या पिठात मका तोच, पण शक्यतो जाडसर दळलेला. त्यात किलोला पाव किलो तरी डुकराची चरबी फेटून घालतात, वर कोंबडीचं नाहीतर डुकराच्या मटणाचं पाणी. फेटताना भरलेली हवाच ते वाफेवर हलकं करते. तुम्ही दांड्यावर भार टाकता तेव्हा पीठ पळतं आणि हवाही जाते. सालीवर चार-पाच मिलिमीटरचा थर राहिला पाहिजे.

त्यासाठी तेवढ्याच जाडीच्या दोन लाकडी पट्ट्या खालच्या पाट्याच्या दोन्ही कडांना ठेवा, म्हणजे वरचा पाटा तिथेच अडतो. साली कोमट पाण्यात तासभर भिजवून पुसून घ्या. पाट्यावर प्लास्टिक, त्यावर साल, गुळगुळीत बाजू वर. पिठाचा गोळा मधोमध नको, रुंद टोकाकडे ठेवा. निमुळतं टोक दुमडायला रिकामं लागतं. त्यावर तेलाचं बोट फिरवलेली, कापून धुतलेली दुधाची पिशवी. हलकेच दाबा, साल उलट दिशेला फिरवा, पुन्हा दाबा. बिजागरीकडे दाब जास्त पडतो, न फिरवता थर एका बाजूला पातळच होणार. प्लास्टिक वर खेचू नका, कोपऱ्यातून आडवं सोलत न्या.

एवढं करूनही चिकटलं तर पीठ सैल आहे, नाहीतर फेटणं कमी पडलंय. गार पाण्याच्या पेल्यात चिमूटभर टाकून बघा. तरंगलं पाहिजे. बुडालं तर हात चालवा.

चरबी खात नसाल तर खोबरेल घेता येतं, पण ते 24 अंशांच्या आसपास वितळतं. आपल्याकडच्या उकाड्यात बाटलीतलं पातळ तेल काय फेटणार? फ्रिजमध्ये थिजवून मगच घ्या.

खरं सांगू? सालींपेक्षा मला प्रेसखाली केळीचं पान आवडतं. मक्याची साल वाकडी आणि शिरांची, दाबली की शिरेवर चिरते. पान सपाट बसतं. त्याची मधली शीर काढा, विस्तवावरून फिरवून मऊ करा आणि चौकोन कापा. ही माझी पळवाट नव्हे, मेक्सिकोत ओआहाका आणि युकातानकडे केळीच्या पानातले तमाले घरोघर होतात. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात पानांना तोटा नाही, आणि तिथेच चोरीसची, म्हणजे डुकराच्या मसालेदार सॉसेजची, माळ घेतलीत तर सारणाचा प्रश्नही सुटला. चोरीसमध्ये मीठ आणि व्हिनेगर भरपूर, तेव्हा पिठात मीठ बेताने.

मोजके तमाले करायचे असतील तर प्रेस काढूच नका. हळदीच्या पानावर पातोळ्यांचं पीठ बोटांनी थापणाऱ्या बाईला चमच्याच्या पाठीने हे पसरायला किती वेळ लागणार? फेस्ताला टोपभर करायचे असतील तेव्हा एकाने दाबावं, दुसऱ्याने भरावं. मग प्रेस उपयोगी पडतो.

मोदकपात्रात उघडं तोंड वर करून उभे लावा, तासभर तरी वाफ लागते. साल किंवा पान पिठापासून स्वच्छ सुटलं की झाले. आणि प्रेस बिडाचा आहे, धुऊन तसाच ठेवू नका. लगेच पुसा, तेलाचा हात द्या आणि कागदात गुंडाळून ठेवा. जून-जुलैत आपल्याकडे रातोरात गंज चढतो.