मनूस, त्या नारळाबद्दल

प्रिय मनू,

परवा इथे हॉलंडमधल्या नायमेखनच्या सहलीवरून आलीस, दप्तर सोफ्यावर टाकलंस आणि बूटही न काढता विचारलंस, "आई, आजी नदीला नारळ का देते? जागा का नाही देत?"

मी पोळ्या लाटत होते. "आधी हात धुऊन ये," म्हटलं आणि वेळ मारून नेली. पण तुझा प्रश्न काही पोळपाटावरून हलेना. त्या दिवशीच्या पोळ्या करपल्या ते तुझ्याही लक्षात आलं असेल. तोंडी सांगायला गेले तर मी भाषण देईन आणि तू डोळे फिरवशील, म्हणून लिहून देते. अडलं तर बाबाला विचार. त्याला माझं अक्षर लागतं.

तू कुठला नारळ म्हणतेस ते मला माहीत आहे. ऑगस्ट २०२४. बडोद्यात विश्वामित्री नदी ३५ फुटांच्या वर गेली होती (२६ फूट ही धोक्याची पातळी), आणि आजी-आजोबा वरच्या मजल्यावर अडकले होते. व्हिडिओ कॉलवर आपण बघत होतो. आजीने गॅलरीतून वाकून खालच्या चहासारख्या पाण्यात हळदकुंकू टाकलं, मग नारळ सोडला. नारळ वाहून जाईल असं तिला वाटलं असावं. तो गेला नाही. गोल फिरला, गेटच्या जाळीला अडकला आणि पाणी हललं की जाळीवर टक-टक करत राहिला. तू हसलीस. मीही हसले, पण फोन ठेवल्यावर रडले. ते तुला माहीत नाही.

आणि आता तू नायमेखनजवळ लेंटला वाल नदीचा बांध ३५० मीटर मागे सरकवलेला पाहून आलीस. नदीसाठी वेगळा पाट खणला, पन्नासेक घरं हलवली. तुमच्या बाईंनी सांगितलं, इथे नदीला जागा दिली. तू ते आजीच्या नारळाशेजारी ठेवलंस. तुलना रास्त आहे. म्हणून तर झोंबली.

नारळ आजीच्या आधी माई आजीचा होता, म्हणजे तुझ्या पणजीचा. दांडिया बाजारच्या वाड्यात पावसाळ्यात सकाळचा पहिला प्रश्न "चहा झाला का" हा नसायचा, "आजवा किती?" हा असायचा. सयाजीराव महाराजांनी शहराला प्यायचं पाणी मिळावं म्हणून १८९०च्या सुमाराला आजव्याला तलाव बांधला, आणि त्याला ६२ दरवाजे. तिथली पातळी वाढली की ते पाणी विश्वामित्रीत येणार, हे पोरासोरांना पाठ. आजोबांचे बापू तर पेपर उघडून आधी तो आकडा वाचायचे, मग मृत्युवार्ता.

पहिलं मोठं पाणी आलं की माई आजी तबक काढायची. तांदूळ, खण, नारळ, हळकुंड, सुपारी. तबक धरायचं काम माझं. काळ्या घोड्याच्या पुलावर ही गर्दी! निम्मे लोक पूर बघायला, निम्मे मगरी बघायला आलेले. भुईमुगाच्या शेंगावाला हजर. माई आजी कठड्याशी पदर खोचून उभी राहायची आणि नदीशी अगदी घरातल्यासारखं बोलायची, "आलीस, बरं झालं. आता बेताने जा हो." शेजारी कुणी गुजराती काकी नारळ वाढवत असायची. तिचं दैवत वेगळं, नारळ तोच.

ओटी कुणाची भरतात ते तू पाहिलं आहेस. मागच्या वेळी आपण निघालो तेव्हा आजीने माझी भरली, आणि विमानतळावर तांदूळ पर्समधून सांडले. माहेरवाशीण निघाली की ओटी. म्हणजे त्यात "ये" कमी आणि "सुखाने जा" जास्त. माई आजी नदीला काही "देत" होती असं मला आता वाटत नाही. ती तिची पाठवणी करत होती. हे माझं मत हं, कुठल्या पोथीत नाही.

पण मग तुझा प्रश्न पुन्हा येतोच. माहेरवाशिणीला चार दिवस राहायला खोली तर हवी.

थांब, त्याआधी मगरींचं सांगते, कारण तिथे मला आपली बाजू घ्यायची आहे. २०२४च्या पुरात छपरावर बसलेल्या मगरीचा व्हिडिओ तू वर्गात सगळ्यांना दाखवलास. तो दाखवताना एक सांगायचं राहिलं. भर शहरातून वाहणाऱ्या नदीत शेकड्यांनी मगरी आहेत, आणि लोक त्यांना मारून टाकत नाहीत. कायदा आहे, खरं आहे. पण गुजरातेत मगर हे खोडियार मातेचं वाहन. आमच्या शेजारच्या बेन मगर दिसली की हात जोडायच्या आणि पोराला मागे ओढायच्या, दोन्ही एकदम. मला ती हातजोडणी पटायची नाही. पण मगर अजून तिथे आहे त्यात त्या हातांचा काहीच वाटा नाही, असं म्हणायला माझी जीभ रेटत नाही. तू कपड्यांसकट पोहून डिप्लोमा घेतलास. मला नदीकाठच्या गावात वाढूनही पोहता येत नाही, त्याचं कारणही त्याच मगरी. माई आजीचा नियम होता, नदीला नमस्कार लांबून.

आता खोलीचं.

विश्वामित्री पावागडच्या डोंगरातून येते. तिच्या दोन्ही अंगांना कोतरं आहेत, म्हणजे पाण्याने कापलेल्या खोल घळ्या, बाभळींनी भरलेल्या. एरवी कोरड्या, उजाड. पूर आला की पाणी आधी तिथे शिरायचं आणि पसरायचं. मगरी त्या काठांत बिळं करतात, मार्चच्या आसपास वाळूत अंडी घालतात. आम्हा मुलांच्या लेखी ते सगळं "जंगल" होतं, आणि मोठ्यांच्या लेखी रिकामी जमीन.

१९८९ साली समा भागात आजोबांनी प्लॉट घेतला. तो स्वस्त का होता हे मला कुणी सांगितलं नाही, आणि नऊ वर्षांच्या मुलीला ते विचारायचं सुचतही नाही. आम्ही गेलो तेव्हा तिथे खड्डा होता. माझ्या दोन उंच्या मावतील एवढा. मग ट्रक यायला लागले. एका रविवारी मोजले होते मी, चौदा. लाल माती, विटांचे तुकडे, कुठल्याशा पाडलेल्या घराच्या निळ्या फरशीचे कपचे. ते कपचे मी परकराच्या ओच्यात गोळा केले. मातीच्या ढिगावरून घसरगुंडी केली. बालपणातला इतका सुखाचा दिवस दुसरा सांगता येणार नाही, काय करू?

माई आजीला प्लॉट दाखवायला रिक्षाने आणलं. ती चप्पल हातात घेऊन त्या भुसभुशीत मातीवर थोडी चालली आणि म्हणाली, "आणि पाणी कुठे जायचं?" आजोबा कंत्राटदाराशी बोलत होते. त्यांना ऐकू गेलं नसेल. किंवा गेलं असेल. वास्तुशांतीला तिने सगळ्यात मोठी पुरणपोळी लाटली आणि पुन्हा तो विषय काढला नाही.

तेव्हा, मनू, आजी ज्या गॅलरीतून नारळ सोडत होती ती कोतरावरच उभी आहे. नुसती आपलीच नाही, ती सगळी ओळ. आणि तशा कितीतरी ओळी. २०१९च्या जुलैत एका दिवसात वीसेक इंच पाऊस पडला तेव्हाही पाणी तिथेच आलं. आम्ही "नदी घरात शिरली" म्हणालो. तसंच म्हणतात सगळे.

आजोबांवर रागावू नकोस. नोकरी करून, दांडिया बाजारच्या वाड्यात सात जणांत दोन खोल्या वाटून राहिलेल्या माणसाला स्वतःचं अंगण हवं होतं. महाराजांनीही तलाव बांधताना वाहतं पाणी अडवलंच की. त्याच आजव्याचं पाणी पिऊन मी मोठी झाले.

आणि तुझ्या हॉलंडवाल्यांना एवढ्यात हार घालू नकोस. त्यांनी शेकडो वर्षं दलदल उपसली, तिथली कुजट माती वाळवून चुलीत घातली, मग जमीन खचली, मग आणखी पंप लावले. आपण आल्मेरमध्ये राहतो तो समुद्राचा तळ आहे, तुझी सायकल समुद्रसपाटीच्या तीनेक मीटर खालून शाळेत जाते. १९९५ साली नद्या फुगल्या आणि अडीच लाख माणसांना घरं सोडावी लागली, त्यानंतर कुठे जागा द्यायचं डोक्यात आलं. लेंटच्या त्या पन्नास घरांतही कुणाची तरी आजी असेल. तिला कसं वाटलं हे तुमच्या बाईंनी सांगितलं का? विचार त्यांना. तरी त्यांनी दिली जागा, हे खरंच. इथे पाण्याच्या मंडळाचा कर भरताना बाबा कुरकुरतो, पण भरतो. ओटी म्हण हवं तर. नको, असू दे, ओढूनताणून होतंय.

जूनमध्ये आपण बडोद्याला जाऊ. काळ्या घोड्याच्या पुलावर नेईन, मगरी मोज. पाणी आलं आणि आजीने तबक काढलं तर धरायचं की नाही ते तुझं तू ठरव. मी काही म्हणणार नाही. (म्हणेन बहुतेक. लक्ष देऊ नकोस.)

फक्त एक काम कर. त्या चौदा ट्रकांबद्दल आजोबांना तू विचार. मी पस्तीस वर्षांत विचारलेलं नाही. दुपारी चहाच्या वेळी विचार, झोपाळ्यावर बसले असतील तेव्हा. तुझ्यावर ते चिडणार नाहीत.

तुझी,
आई

ता. क. नारळाचं पुढे काय झालं ते आजी सांगत नाही. मला वाटतं चिखल काढताना तिने तो धुऊन पुन्हा देवघरात ठेवला.