वाचकांचे प्रश्न : एडिट रूममध्ये शिरायचं कसं?

प्रश्न : मी बी.कॉम. आहे. सोलापुरात लग्नाचे व्हिडिओ एडिट करतो. मालिका किंवा चित्रपटांत एडिटर व्हायचं आहे. एफटीआयआय (पुण्याची चित्रपट-प्रशिक्षण संस्था) केलं नसेल तर मुंबईत काम मिळतं का?

उत्तर : मिळतं, पण सुरुवात असिस्टंट एडिटर म्हणून होते. कोर्सच करायचा असेल तर पुण्याच्या एफटीआयआयमध्ये चित्रपट संकलनाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे. कुठल्याही शाखेचा पदवीधर प्रवेश परीक्षा देऊ शकतो, त्यामुळे बी.कॉम. आड येत नाही. तेवढा वेळ आणि पैसा नसेल तर मात्र अडून राहू नका. असिस्टंट निवडताना एडिटर पहिल्यांदा पाहतो ते हे, की याच्या हातात फुटेज सुरक्षित राहील का.

सेटवरून कार्ड आलं की दोन वेगळ्या ड्राइव्हवर कॉपी करायची, तीही चेकसम तपासणाऱ्या, म्हणजे मूळ आणि कॉपी तंतोतंत सारखी आहे का ते पाहणाऱ्या सॉफ्टवेअरने. नुसती ओढून टाकलेली कॉपी अर्धवट राहिली तरी कधीकधी कळत नाही, आणि कार्ड फॉरमॅट झाल्यावर कळून उपयोग नसतो. जागेचा हिशेब आधी मांडा : सेकंदाला १०० मेगाबिटचं फुटेज तासाला ४५ जीबी खातं. मग प्रॉक्सी (एडिटसाठी फुटेजच्या हलक्या प्रती), आवाजाचं चित्राशी सिंक, आणि सीन-शॉट-टेकप्रमाणे बिन, म्हणजे सॉफ्टवेअरमधले फोल्डर.

सगळ्यात जास्त घोळ होतो तो फाइलच्या नावांचा. बरेच कॅमेरे नव्या कार्डावर पुन्हा सी०००१ पासून मोजायला लागतात. सगळं एकाच फोल्डरमध्ये ओतलं, की प्रॉक्सीवरून मूळ फुटेजकडे जाताना भलताच शॉट जोडला जातो. प्रत्येक कार्डाचं वेगळं फोल्डर करा. कॅमेऱ्यात नावाआधी अक्षरं जोडायची सोय असेल तर ती शूटिंगच्या आधीच वापरा.

एडिट लॉक झाल्यावर, म्हणजे कट पक्के झाल्यावर, साउंडवाल्यांना एएएफ (आवाजाचे ट्रॅक आणि कट दुसऱ्या सॉफ्टवेअरमध्ये नेणारी फाइल) द्यायची असते. त्यात प्रत्येक कटच्या दोन्ही बाजूंना निदान एक सेकंदाचे हँडल, म्हणजे कटच्या पलीकडचा जादा आवाज, ठेवा, नाहीतर संवादांचे जोड त्यांना मऊ करता येत नाहीत. संवाद, इफेक्ट आणि संगीत वेगवेगळ्या ट्रॅकवर हवेत.

काम मागायला जाताना गाण्यावर कापलेला लग्नाचा व्हिडिओ दाखवू नका. ताल मिळाला की तो कट कुणाचाही बरा दिसतो. दोन माणसांच्या संवादाचा तीन मिनिटांचा प्रसंग न्या. बोलणाऱ्याचं वाक्य संपायच्या आधी ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर कधी जायचं आणि तिथे किती थांबायचं, त्यावरून तुमची समज दिसते. मालिकांचं संकलन तर मुख्यतः याच निर्णयांवर उभं असतं.

प्रश्न : शिकायला कोणतं सॉफ्टवेअर घ्यावं?

उत्तर : दा विंची रिझॉल्व्हची मोफत आवृत्ती पुरे. नोकरीत प्रीमियर किंवा अ‍ॅव्हिड समोर येईल. बटणं बदलतात, ती लवकर हातात बसतात.

प्रश्न : लघुपट मोबाइलवर शूट केला, आवाज वेगळ्या रेकॉर्डरवर घेतला. टेकच्या सुरुवातीला ओठ जुळतात, दहा मिनिटांनी आवाज मागे पडतो. असं का?

उत्तर : बहुधा मोबाइलने फ्रेम रेट (सेकंदाला किती फ्रेम) स्थिर ठेवलेला नाही. एडिटला बसण्याआधी सगळ्या फाइल हँडब्रेक या व्हिडिओ बदलणाऱ्या सॉफ्टवेअरमधून स्थिर २५ फ्रेमवर काढून घ्या. दुसरी शक्यता म्हणजे २३.९७६ चं फुटेज २४ म्हणून चालवलं गेलंय. हा फरक फक्त ०.१ टक्का, पण दहा मिनिटांत ०.६ सेकंद होतो, म्हणजे साधारण १४ फ्रेम. अशा वेळी क्लिपचा फ्रेम रेट मूळचा करून ठेवा.

त्यानंतरही सरकत असेल तर दोन उपकरणांच्या घड्याळांत फरक आहे. यासाठी लांब टेकच्या शेवटीही क्लॅप द्यावा. दोन क्लॅपमधलं अंतर चित्रात ६०० सेकंद आणि आवाजात ६००.३ भरलं, तर आवाजाचा वेग १००.०५ टक्के करा. शेवटचा क्लॅप घेतलेला नसेल तर संवादांमधल्या शांत जागी आवाज कापून तुकड्या-तुकड्याने सरकवावा लागेल. वेळ जातो, पण टेक वाचतो.