सहा हजारांत गेलेला झोपाळा

कोथरूडहून एका वाचक ताईंचं पत्र आलं आहे. वय २९, लग्नाला दोन वर्षं झाली, नवरा-बायको दोघंही आयटीत. दोघांचं मिळून महिन्याला १ लाख ४० हजार हातात येतात. घर भाड्याचं, टू बीएचके, भाडं ३२ हजार. त्यांना ते ‘आजीच्या घरासारखं’ करायचंय. सागवानी झोपाळा, काचेच्या दारांचं फडताळ, वेताच्या खुर्च्या, पितळी हंडा-कळशी, खणाच्या उशा, फुलाफुलांचे झालरवाले पडदे. डिझायनरने ४ लाखांचा अंदाज दिलाय, त्यात त्याची फी ५५ हजार. प्रश्न असा: ‘बँक १४ टक्क्यांनी ४ वर्षांचं पर्सनल लोन द्यायला तयार आहे. ते घ्यावं, की एसआयपीतले पैसे काढावेत? डिझायनर म्हणतात, जुन्या लाकडाची किंमत दरवर्षी १० ते १२ टक्क्यांनी वाढते, म्हणजे हा खर्च नाही, गुंतवणूकच आहे.’

याचं उत्तर मी चार ओळींत देऊन मोकळा झालो असतो. पण पत्राच्या शेवटी, जाता जाता, तुम्ही एक वाक्य लिहिलंय: ‘तसंही १० वर्षांनी आजीच्या पॉलिसीचे ३६ लाख मला मिळणार आहेत, त्यामुळे भविष्याची फार काळजी नाही.’ काळजी तिथेच आहे. तिकडे येतोच, आधी झोपाळा उरकू.

ही हौस तुमच्या एकटीची नाही. अमेरिकेत अशा तरुण मंडळींना २०१९ च्या सुमारास ‘ग्रँडमिलेनियल’ असं नाव पडलं: वेताचं फर्निचर, झालरी, निळी-पांढरी चिनीमाती आणि चिंट्झचे पडदे. तो चिंट्झ म्हणजे आपलंच चीट. आज्यांच्या परकराचं कापड सातासमुद्रापार जाऊन डिझायनरच्या बिलात परत आलंय. मला यात वावगं काही वाटत नाही. पांढऱ्या लॅमिनेटच्या घरात राहून कंटाळलेल्या पोरांना पितळेचा पिवळा रंग आवडला तर बरंच आहे. एक सांगून ठेवतो, फडताळ भिंतीत असतं. खोलीत उभं करतात ते कपाट. ७० हजार मोजणार असाल तर निदान नाव तरी बरोबर माहीत असावं.

आता ती ‘दरवर्षी १० टक्के’. पुरावा तुमच्याच पत्रात आहे. अडीच वर्षांपूर्वी सदाशिव पेठेतला वाडा रिकामा करताना आजींचा झोपाळा, दोन कपाटं आणि एक पलंग मिळून जुन्या सामानवाल्याने ६ हजारांत नेलं, असं तुम्हीच लिहिलंय. आज एक झोपाळा ६५ हजार आणि एक कपाट ७० हजार, म्हणजे त्यातलं निम्मं सामान तुम्ही १ लाख ३५ हजारांना घ्यायला निघालात. जुन्या फर्निचरचा बाजार हा असा असतो. विकणाऱ्याचा भाव वेगळा, घेणाऱ्याचा वेगळा, आणि मधली सगळी वाढ वाहून नेणाऱ्याच्या, पॉलिश करणाऱ्याच्या आणि दुकान थाटणाऱ्याच्या खिशात. तुम्ही पुन्हा विकायला जाल तेव्हा पुन्हा ६ हजारांच्याच बाजूला उभ्या असाल. खात्री करायची असेल तर बुधवारी किंवा रविवारी जुन्या बाजारात एखादी चांगली खुर्ची घेऊन जा आणि भाव विचारा.

डिझायनर कपाट ‘सव्वाशे वर्षांचं’ आहे म्हणतो. देशात १९७२ चा पुरावस्तू कायदा आहे. कलाकुसरीची वस्तू शंभर वर्षांहून जुनी असेल तर तिचा धंदा करायला परवाना लागतो. परवाना दाखवा म्हणून सांगा, कपाटाचं वय तिथल्या तिथे कमी होईल.

कर्जाचं उत्तर: नाही. ४ लाख, १४ टक्के, ४ वर्षं, म्हणजे हप्ता ११ हजारांच्या आसपास आणि व्याज सव्वा लाख. त्या व्याजात दुसरा झोपाळा येतो. एसआयपीला हात लावायचा नाही. सगळा खर्च जाऊन तुमचे महिना ३० हजार उरतात, त्यातले १५ हजार या हौसेसाठी वेगळे काढा आणि एकेक वस्तू घ्या. पितळ तांबट आळीत वजनावर घ्या, आधी वजन आणि दर विचारा, म्हणजे मजुरी किती लावली ते कळतं. मोडीत घालाल तेव्हा फक्त वजनाचेच पैसे येतात. त्या पातेल्यात आमटी किंवा कढी करणार असाल तर कल्हईचा खर्चही धरा. डिझायनरला सुट्टी द्या. आजीचं घर कसं असतं हे सांगायला ५५ हजार घेणाऱ्या माणसाची गरज ज्या घरात आजी हयात आहे त्या घराला का पडावी, हे मला कळलेलं नाही. फारच नमुने बघायचे असतील तर शुक्रवार पेठेतलं केळकर संग्रहालय आहे. दरवाज्यांपासून अडकित्त्यांपर्यंत सगळं आहे, आणि तिकिटाला कर्ज लागत नाही.

आणि घर भाड्याचं आहे, विसरू नका. वाड्यात झोपाळ्याच्या कड्या तुळईत असायच्या. तुमच्याकडे स्लॅब आहे आणि तो मालकाचा आहे. भोकं पाडायची लेखी परवानगी घ्या, नाहीतर डिपॉझिटमधून झोपाळ्याचा दुसरा हप्ता जाईल.

झालं. आता पॉलिसी.

तुम्ही लिहिता: वाड्यातलं भाडेकरूपण सोडल्याबद्दल आजींना बिल्डरकडून १८ लाख मिळाले. ते एफडीत होते. बँकेतल्या मॅडम म्हणाल्या, एफडीचे दर पडणार आहेत, त्यापेक्षा ‘एफडीसारखीच’ एक योजना आहे. वर्षाला ३ लाख असे सहा वर्षं भरा, बाराव्या वर्षी दुप्पट, शिवाय करमुक्त. आजींचं वय जास्त म्हणून पॉलिसी तुमच्या नावावर, आजी नॉमिनी. दोन हप्ते आजींच्या खात्यातून गेले, तिसरा पुढच्या महिन्याच्या १० तारखेला जाणार. आजी आता ७६ वर्षांच्या आहेत, तुमच्या आईवडिलांकडे सिंहगड रोडला राहतात आणि ‘औषधांचे महिना ६ हजार त्या व्याजातून काढतात’.

ताई, हा कागद तुम्ही नीट वाचलाय का? तुम्ही सोबत पाठवलेल्या तक्त्यात हमी दिलेली रक्कम २७ लाख आहे. ३६ हा आकडा कागदावर कुठेही नाही, तो मॅडमच्या तोंडात होता. १८ लाख भरून बाराव्या वर्षी २७ लाख म्हणजे वर्षाला साडेचार टक्क्यांच्याही आत. मॅडमचं ‘दुप्पट’ खरं मानलं तरी साडेसात टक्क्यांच्या आसपास पडतं. पोस्टातली ज्येष्ठ नागरिक बचत योजना ८.२ टक्के देते, दर तीन महिन्यांनी व्याज खात्यात, मर्यादा ३० लाख. आजींचे १८ लाख तिथे असते तर महिना सव्वाबारा हजार सुटले असते आणि मुद्दल शाबूत राहिलं असतं. मॅडमना ही योजना माहीत नसेल असं नाही. तिच्यावर त्यांचं टार्गेट पूर्ण होत नाही, एवढंच.

टक्के बाजूला ठेवा, आजींचं काय होणार ते बघा. एफडी १८ लाखांची होती तेव्हा साडेसात टक्क्यांनी महिना ११ हजार यायचे. दोन हप्ते गेले, १२ लाख उरले, आता साडेसात हजार येतात. औषधं अजून भागतात म्हणून कुणाला जाणवलं नाही. पुढच्या महिन्यात ९ लाख उरतील, महिना साडेपाच हजार. म्हणजे पुढच्या महिन्यापासूनच औषधं व्याजात बसणार नाहीत. आजी ७९ च्या होतील तेव्हा एफडी शून्य. त्यापुढे सात वर्षं एक रुपया नाही. आणि त्या ८६ च्या होतील तेव्हा २७ लाख येणार, तेही तुमच्या खात्यात.

आजी नॉमिनी आहेत म्हणजे त्यांचे पैसे सुरक्षित आहेत, असं तुम्हाला वाटतंय. नॉमिनीला पैसे मिळतात ते विमा ज्याच्या आयुष्यावर आहे तो गेल्यावर. थोडक्यात, आजींना हे पैसे हक्काने मिळण्याची एकच वाट आहे: २९ वर्षांच्या नातीने ७६ वर्षांच्या आजीच्या आधी जायचं. हे वाक्य लिहितानासुद्धा बरं वाटत नाही, पण तुम्ही सही केलेल्या कागदाचा अर्थ हाच आहे. आणि हे काकांना, आत्यांना ठाऊक आहे का? नसेल तर ते वादळ २७ लाख येण्याची वाट बघत बसणार नाही.

आता करायचं काय. पहिली गोष्ट, तिसरा हप्ता जाऊ द्यायचा नाही. खातं आजींचं, तेव्हा ऑटो डेबिट बंद करण्याचा अर्ज आजींच्या सहीने शाखेत द्या आणि पोच घ्या. मॅडम म्हणतील, ‘आत्ता बंद केलंत तर सगळं बुडेल.’ त्यावर चर्चा करायची नाही, पोच मागायची.

मग विमा कंपनीकडून दोन आकडे लेखी मागवा: आज पॉलिसी सोडली तर किती मिळतील, आणि पुढे काही न भरता तशीच ठेवली, म्हणजे पेड-अप केली, तर बाराव्या वर्षी किती. पॉलिसीची तारीख बघा. १ ऑक्टोबर २०२४ पासून नियम बदलले आहेत आणि लवकर सोडणाऱ्याला पूर्वीपेक्षा बरे पैसे द्यावे लागतात. जुन्या पद्धतीची असेल तर भरलेल्या ६ लाखांतले ३० टक्केच, म्हणजे १ लाख ८० हजार हातात येण्याची तयारी ठेवा. ४ लाख २० हजार गेले. तुमच्या अख्ख्या सजावटीचं बजेट एका सहीत गेलं, आणि त्यासाठी मला कुणी पत्र लिहिलं नव्हतं.

पण लगेच सोडू नका. सहापैकी दोन हप्ते भरलेत, पेड-अप रक्कम प्रमाणात धरली तर २७ लाखांच्या तिसऱ्या हिश्श्यापर्यंत, ९ लाखांच्या आसपास असू शकते. कंपनीचा आकडा कमीही येईल, म्हणून लेखी हवा. १ लाख ८० हजार ८.२ टक्क्यांनी १० वर्षं वाढवले तर ४ लाख होतात. पेड-अपचा आकडा त्याच्या बराच वर असेल तर तशीच ठेवा.

‘एवढे भरलेत तर आता पूर्णच करू’ हा विचार मनात येणारच, तेव्हा त्याचाही हिशेब करून टाकू. पुढे भरायचे १२ लाख, त्याबद्दल जास्तीचे मिळणार १८ लाख (२७ वजा पेड-अपचे ९). म्हणजे पावणेपाच-पाच टक्के. आणि तेच १२ लाख ज्येष्ठ नागरिक योजनेत टाकले तर आजींना महिना ८ हजार २०० आणि मुद्दल जागच्या जागी. एफडी मोडायला थोडा दंड लागेल, तो हसत भरा.

तक्रार करायची का? जरूर करा. मॅडमचा ‘दुप्पट’ लिहिलेला व्हॉट्सअॅप मेसेज असेल तर सोन्यासारखा जपा. विमा कंपनीचा पडताळणीचा फोन आला तेव्हा मॅडमनी ‘सगळ्याला हो म्हणा’ असं सांगितलं होतं ना? सगळ्यांनाच सांगतात, आणि तेच रेकॉर्डिंग नंतर तुमच्यावर उलटतं. आधी विमा कंपनीकडे लेखी तक्रार, महिन्याभरात समाधान झालं नाही तर विमा लोकपाल. त्यांचं कार्यालय पुण्यातच आहे, फी नाही, वकील लागत नाही. सगळे पैसे परत मिळतील अशी आशा मी तुम्हाला दाखवणार नाही. आशा दाखवण्याचं काम तुमच्या ओळखीत आधीच दोघं करतायत.

आणखी दोन गोष्टी, पटकन. आजींचा आरोग्य विमा आहे का, ते तुम्ही लिहिलेलं नाही, म्हणजे नसावा. ७० च्या पुढच्या सगळ्यांना, उत्पन्न कितीही असो, आयुष्मान भारतचं कार्ड मिळतं, वर्षाला ५ लाखांपर्यंत. या आठवड्यात काढा आणि जवळचं कोणतं रुग्णालय ते घेतं हे आत्ताच विचारून ठेवा. दुसरं, तुम्हा दोघांना विमा हवा असेल तर १ कोटीचा साधा टर्म प्लॅन, म्हणजे माणूस मुदतीत गेला तरच घरच्यांना पैसे देणारा विमा, घ्या, तुमच्या वयाला वर्षाला दहा हजारांच्या आसपास पडावा. त्यात शेवटी काही परत मिळत नाही. मिळायलाही नको.

भविष्याच्या आकडेवारीतून ते ३६ लाख खोडून टाका. पेड-अपचे जे काही येतील त्यावरही आजींचं नाव लिहून ठेवा, पैसे त्यांचे आहेत.

राहता राहिला झोपाळा. अडीच वर्षांपूर्वी ज्याने तो नेला त्याचा फोन नंबर वडिलांकडे असेल तर एकदा विचारून बघा. जड सागवान सहसा लवकर खपत नाही, कुठेतरी गोदामात ताडपत्रीखाली पडलेला असू शकतो. जाताना आजींना सोबत न्या, कड्या त्या ओळखतील. फक्त तिथे पोचल्यावर ‘अय्या, हाच तो!’ असं मोठ्याने म्हणू नका.