अवघड तिकिटं माझ्याकडेच येतात, मग बढती का अडते?

प्रश्न : मी ३२ वर्षांचा आहे. शिक्षण कराडला, नोकरी पुण्यात, हिंजवडीला. नऊ वर्षं बॅकएंडचं, म्हणजे ॲपच्या पडद्यामागच्या सॉफ्टवेअरचं काम करतोय, त्यातली चार सीनियर इंजिनिअर म्हणून. टीममधली सगळ्यात अवघड तिकिटं, म्हणजे नोंदवून नेमून दिलेली कामं, माझ्याकडे येतात आणि मी ती वेळेत संपवतो. तरी सीनियरच्या वरच्या पायरीच्या, स्टाफ इंजिनिअरच्या बढतीत सलग दुसऱ्या वर्षी माझं नाव मागे पडलं. मॅनेजर म्हणाले, ‘काम छान आहे, पण इम्पॅक्ट दिसत नाही.’ म्हणजे मी नेमकं काय करू? मॅनेजर होण्याची वाट धरू का? शाळा मराठी माध्यमातली. मीटिंगमध्ये पटापट इंग्रजी बोलणाऱ्यांपुढे मी गप्प होतो. त्याचाही हा परिणाम असेल का?
– एक वाचक, पुणे

उत्तर : तुमच्या पत्रातलं एक वाक्य मी दोनदा वाचलं : ‘अवघड तिकिटं माझ्याकडे येतात.’ अभिमान वाटावा असंच ते आहे. पण माझ्या मते गाठ तिथेच बसली आहे. तिकीट येतं तेव्हा काय बिघडलंय हे दुसऱ्या कुणीतरी आधीच हेरलेलं असतं, तुमच्यासाठी उरतं ते उत्तर काढणं. सीनियरपर्यंतच्या बढत्या या उत्तरांवर मिळतात. त्यापुढे बघतात ते हे, की कुणी न सांगता तुमच्या काय लक्षात आलं.

मला हे समजायला बरीच वर्षं लागली, आणि समजलं तेही एका धाकट्या सहकारणीमुळे. तेव्हा मी बिलभरणा आणि रिचार्जच्या एका सिस्टीमवर होते. व्यवहाराच्या प्रत्येक टप्प्याची नोंद एका टेबलात व्हायची आणि प्रत्येक नोंदीला अनुक्रमांक मिळायचा. तो अनुक्रमांक साध्या ३२ बिटांच्या इंटिजरमध्ये ठेवलेला. त्यात मावणारा मोठ्यात मोठा आकडा २१४ कोटी ७४ लाख ८३ हजार ६४७. त्याच्या पुढचा आकडा आला की डेटाबेस नोंद घ्यायलाच नकार देतो.

ही मुलगी भलत्याच कामासाठी ते टेबल उघडून बसली होती. शेवटच्या ओळीतला क्रमांक १९० कोटी झालेला तिला दिसला. तिनं वहीत भागाकार मांडला. उरलेली जागा साधारण २४ कोटी ७० लाखांची, रोजच्या नोंदी २० लाखांच्या आसपास. म्हणजे चार महिने. तिच्याकडे याचं तिकीट नव्हतं. कुणाकडेच नव्हतं, कारण तोवर काहीच मोडलं नव्हतं.

कॉलमचा प्रकार सरळ बदलावा, तर पोस्टग्रेस, म्हणजे आमचा डेटाबेस, अख्खं टेबल नव्यानं लिहून काढतो आणि तोवर टेबलाला कुलूप. एवढ्या मोठ्या टेबलाला तासन्‌तास लागले असते, आणि लोकांची बिलं तितका वेळ अडवून ठेवणं शक्य नव्हतं. तिनं दोन पानांचं टिपण लिहिलं. शेजारी ६४ बिटांचा नवा कॉलम काढायचा. ट्रिगर लावायचा, म्हणजे नवी नोंद दोन्ही कॉलमांत जाईल. जुन्या नोंदी रात्री थोड्याथोड्या करून भरायच्या, टेबल न अडवता इंडेक्स (नोंदी पटकन शोधायची सूची) बांधायचा आणि शेवटी दोन्ही कॉलमांची अदलाबदल करायची. एवढं लिहून ती थांबली नाही. ज्या ज्या टीमा आमचा डेटा घेत होत्या, त्यांच्याकडे जाऊन तिनं विचारलं, ‘हा क्रमांक तुम्ही कशात साठवता?’ रिपोर्टिंगवाल्यांच्या जावा कोडमध्ये तो ‘इंट’मध्ये होता. तोही ३२ बिटांचाच! आमचं टेबल सुधारलं असतं आणि २१४ कोटींचा आकडा ओलांडला त्या दिवशी त्यांचे रिपोर्ट कोसळले असते.

त्यातला कोड तिनं फार थोडा लिहिला. ट्रिगर मी लिहिला, भरणीची स्क्रिप्ट दोन नव्या मुलांनी. त्या तिमाहीत मी संपवलेली तिकिटं तिच्या तिप्पट होती. बढती तिला मिळाली. मला फार लागलं ते. काही आठवडे मी तिच्याशी धड बोलले नाही, आणि त्याची खंत मला अजून आहे. पुढे मी तिचं ते टिपण पुन्हा शांतपणे वाचलं, तेव्हा माझ्या मनातला राग गेला. ते टेबल मी रोज उघडत होते. तो क्रमांक रोज माझ्याही डोळ्यांसमोर होता.

तेव्हा तुमच्या सिस्टीमकडे एकदा तिकीट बाजूला ठेवून बघा. ऑन-कॉलच्या, म्हणजे बिघाड झाला तर धावून जायच्या पाळीच्या, गेल्या सहा महिन्यांच्या नोंदी काढा. एकच अलर्ट चारचारदा वाजलाय आणि दर वेळी कुणीतरी सर्व्हर रीस्टार्ट करून झोपी गेलंय, असं एक तरी प्रकरण तिथे सापडेल. टाइमआउट झाला, म्हणजे वेळेत उत्तर आलं नाही, म्हणून ॲपनं तीच विनंती पुन्हा पाठवली, तर पैसे दोनदा कापले जातील का, हे तपासा. कर्जाच्या हप्त्यांशी तुमचा संबंध असेल तर आणखी एक : जुन्या पद्धतीनं ३२ बिटांत साठवलेली वेळ १९ जानेवारी २०३८ ला संपते. त्या तारखेला अवकाश आहे असं वाटेल, पण आज कुणी २० वर्षांचं गृहकर्ज घेतलं तर त्याचे शेवटचे हप्ते त्याच्या पलीकडेच पडतात. असं काही हाती लागलं, की ते किती लोकांना आणि कधी नडेल याचा हिशेब मांडा. ज्याला तुमचे मॅनेजर इम्पॅक्ट म्हणताहेत तो बहुधा हा हिशेब.

‘बहुधा’ म्हणते, कारण त्यांनी हे स्वतः उलगडून सांगायला हवं होतं. दोन वर्षं मोघम शब्दावर माणसाला थांबवणं मला मान्य नाही. मॅनेजरांशी पुढच्या वन-ऑन-वनमध्ये, म्हणजे दोघांच्याच बैठकीत, थेट विचारा : गेल्या दोन वर्षांत इथे कोण स्टाफ झालं आणि कोणत्या कामावर? पुण्याच्या ऑफिसात त्या पायरीवर एकही माणूस नसेल, निर्णय घेणारे सगळे परदेशात बसत असतील आणि तुमच्यापर्यंत फक्त ठरलेलं काम येत असेल, तर अडचण तुमच्यात नाही. मग दुसरीकडे अर्ज करायला मुळीच कचरू नका.

या सगळ्याला वेळ कुठून आणायचा? अवघड तिकिटांतली निम्मी सोडून द्या. हे मी सहज म्हणत नाहीये, मला ते जड गेलं होतं. जे काम आपण दोन दिवसांत करू, त्याला धाकट्या सहकाऱ्याला आठ दिवस लागतात आणि आपले हात शिवशिवतात. त्याच्या कोडचा रिव्ह्यू करताना तो स्वतःच लिहून टाकू नका. ‘हा मेसेज दोनदा आला तर काय होईल?’ एवढंच विचारा आणि थांबा. तो उत्तर शोधून आणेल. पुढच्या वेळी तो प्रश्न त्याला आपणहून सुचेल.

मॅनेजर होण्याबद्दल थोडक्यात सांगते. तो वेगळा पेशा आहे. कुणाची रजा, कुणाचं भांडण, कुणाचं अप्रेझल यात दिवस गेला तरी संध्याकाळी समाधान वाटेल असं तुमचं मन सांगत असेल, तर जरूर व्हा. इथली बढती अडली म्हणून जाऊ नका. तसे गेलेले माझ्या ओळखीचे तिघे परत कोडकडे आले आणि मधल्या काळात त्यांचा हात बसला होता तो सुटला.

आता इंग्रजी. परिणाम होत असेल, मी खोटा धीर देणार नाही. माझीही शाळा मराठीच. वेगानं बोलणाऱ्याला मी बोलून कधी गाठू शकले नाही, लिहून गाठलं. मीटिंगच्या आदल्या दिवशी दोन पानांचं टिपण सगळ्यांना पाठवायचं. मग मीटिंग तुमच्या कागदावर चालते, आणि तुम्हाला फक्त विचारलेल्या प्रश्नांची उत्तरं द्यायची असतात. तेवढं आपल्याला येतं. लिहायचं कसं, तर आर्किटेक्चर डिसिजन रेकॉर्ड नावाची पद्धत आहे, मायकेल नायगार्ड यांनी २०११ मध्ये मांडलेली : परिस्थिती काय, निर्णय कोणता, त्याचे परिणाम कोणते. परिणामांत फायद्याबरोबर तोटेही लिहायचे. आधी मराठीत लिहून काढलंत तरी चालेल. मी आजही अवघड निर्णय आधी मराठीत मांडते. विचार कुठे कच्चा आहे ते तिथे लगेच कळतं.

पहिलं टिपण मॅनेजरांना धाडायच्या आधी टीममधल्या सगळ्यात नव्या मुलाला किंवा मुलीला वाचायला द्या. शेजारी बसा, पण काही समजावू नका. वाचताना ज्या ओळीवर डोळे मागे फिरतील, ती ओळ पुन्हा लिहा.