नादज्वारी पहिल्यांदा पेरताय?

तुमचं रान सासवडच्या बाजूला आहे, हे उत्तम. हडपसरकडे आता रात्रीही वाहतूक थांबत नाही.

पेरणी साध्या रब्बी ज्वारीसारखीच, सप्टेंबरच्या मध्यापासून ऑक्टोबरच्या मध्यापर्यंत, ओल बघून. मालदांडीसारखेच हिलाही साधारण चार महिने द्या. पोटरीत असेपर्यंत ती बहिरी असते. कोळपणीचा गलका, ट्रॅक्टर, काही उमटत नाही.

खरी काळजी दाणा चिकात आल्यावर. तेव्हापासून हुरड्यापर्यंत कानावर पडेल ते दाण्यात कायमचं बसतं. पाखरं नेमकी याच वेळी तुटून पडतात, आणि राखणदार गोफण फिरवत ओरडला की पुढे सगळं कणीस तेच ओरडतं. म्हणून जाळी लावा. खर्च होईल, पण इथे काटकसर अजिबात नको. पाणीही आधीच देऊन घ्या. मोटारीची घरघर फार चिवट.

मग जे साठवायचंय ते रोज पहाटे, वारा पडलेला असताना ऐकवा. डिसेंबरात सवाई गंधर्व महोत्सव असतो, त्याचं ध्वनिमुद्रण लावायचा मोह पुष्कळांना होतो. माझं ऐकाल तर स्पीकर नकोच, आवाज चपटा उतरतो. घरातल्या आजींना बांधावर बसवा, जात्यावरच्या ओव्या म्हणू द्या. जिवंत गळा ही ज्वारी जशाचा तसा धरते, मधला श्वाससुद्धा.

मळणी हातानेच करा, दाणा फुटला की आवाज गेला. ऐकायचं तेव्हा मूठभर दाणे मंद आचेवर परता आणि लाही व्हायच्या आत उतरवा. बियाण्यासाठी मात्र काहीही न ऐकवलेल्या कोपऱ्यातली कणसं राखा. बोलकं बी उगवत नाही.